बाईंनी खाल्लेला दाणा

बाईंना कुणी काही खाजगी सांगायला आलं, की त्या हातातलं काम बाजूला ठेवायच्या, उजवा हात पुढे करायच्या आणि मूठ मिटायच्या. "हं, बोल आता. आलं ते इथे राहिलं." मग समोरची बोलायची, रडायची, नाक पुसायची आणि पदर सावरून निघून जायची. ती मूठ नंतर उघडलेली मी तरी पाहिली नाही. आणि मी प्रयत्न केला नाही असं अजिबात समजू नका.

मी ब्लाउज शिवते. घाटकोपरच्या डोंगरउतारावर आमची गल्ली, नुसत्या पायऱ्याच पायऱ्या, आणि पहिल्या पायरीशी माझं दुकान, मागे घर. वर चढणारा आणि खाली उतरणारा प्रत्येक माणूस माझ्या मशीनसमोरून जातो. कुणाकडे पाहुणे आले, कुणाची सून माहेरी निघाली ती बॅग घेऊन की नुसती पिशवी घेऊन, हे मला मशीन न थांबवता कळतं. लोक मला गल्लीची बातमीदार म्हणतात. म्हणू देत. पण देवाची गंमत बघा, अशा माझ्या भिंतीला भिंत लावून राहायला कोण, तर बाई!

त्या महापालिकेच्या शाळेत शिक्षिका होत्या, म्हणून सगळ्यांच्याच बाई. माझ्या नवऱ्याच्या बाई, माझ्या मुलीच्या बाई, आणि शाळेचं तोंड न पाहिलेल्या माझ्या सासूच्यासुद्धा बाई. अंगाने काडी, सुती साडी, पदराला सेफ्टी पिन आणि आवाज मात्र पाण्याच्या टाकीपर्यंत जाईल असा. निवृत्त झाल्या त्याच वर्षी त्यांनी गल्लीच्या तोंडाशी असलेल्या महापालिकेच्या बंद खोलीचं कुलूप वॉर्ड ऑफिसात खेटे घालून उघडून घेतलं, आणि तिथे बालवाडी सुरू केली. सकाळी पोरं, दुपारी बायका. त्या खोलीत बसून आम्ही वाटाणे सोललेत, सासवांना शिव्या घातल्यात आणि वॉर्ड ऑफिसचे अर्जही लिहिलेत.

अर्ज गल्लीचा, पण खाली सही बाईंची. हे असं का झालं तेही सांगते. एकदा गल्लीतल्या एकीने पाणी चोरणाऱ्या पंपाची तक्रार केली, तर संध्याकाळच्या आत पंपवाला तिच्या दारात उभा! बाई दुसऱ्या दिवशी वॉर्ड ऑफिसात गेल्या आणि साहेबांसमोर जाऊन बसल्या. "साहेब, तक्रार पाण्याची आहे, पाण्याचं बघा. नाव वाटत फिरायला ते काय हळदीकुंकवाचं वाण आहे?" तेव्हापासून नाव बाईंचं. त्या म्हणायच्या, "मला कोण काय करणार? माझ्या हातची छडी खाल्लेली आहेत सगळी."

हे सगळं त्यांच्यात आलं निवडणुकीच्या ड्युटीवरून. नोकरीभर त्यांनी मतदान केंद्रांवर काम केलं. बाकीच्या शिक्षिका त्या ड्युटीच्या नावाने बोटं मोडायच्या, बाई मात्र आदल्या दिवशी साडीला इस्त्री करून ठेवायच्या. एकदा म्हणे एक नवरा बायकोबरोबर आत शिरायला लागला. "तिला कळत नाही हो, मी दाखवतो." बाई म्हणाल्या, "तिला कळत नसेल तर तिला तिच्या मनाने न कळू दे. तुम्ही बाहेर थांबा." ही गोष्ट त्यांनी मला इतक्या वेळा सांगितली, की त्या नवऱ्याचा चेहरासुद्धा मला पाठ झालाय. आणि शेवटी ठरलेलं वाक्य. "त्या पुठ्ठ्यामागे नवरा येत नाही, सासू येत नाही, शेठ येत नाही. बाईमाणसाला एवढी एकच जागा मिळते गं, ती पण पाच वर्षांतून एकदा."

म्हणून मग त्यांनी ती जागा गल्लीत आणली. गणपतीत स्पीकर किती वाजेपर्यंत लावायचा, यावर मंडळात भांडण पेटलं होतं. हात वर करा म्हटलं की सून सासूकडे बघायची, भाडेकरू घरमालकाकडे, आणि घरमालक मंडळाच्या अध्यक्षाकडे. बाईंनी खिडकीच्या गजाला जुनी चादर बांधली, तिच्यामागे स्टुलावर दोन पराती ठेवल्या. एकीत पांढरे छोले, दुसरीत काळे चणे. पांढरा म्हणजे हो, काळा म्हणजे नाही. एकेकाने आत जायचं, एकच दाणा उचलायचा, मूठ झाकून बाहेर यायचं आणि तांब्याच्या कळशीत टाकायचा. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात ना, ती बाईंनी खरी करून दाखवली. स्पीकर दहाला बंद व्हायला लागला, आणि कुणामुळे ते आजवर कुणाला कळलेलं नाही.

घरी येऊन सासूने मला पकडलंच. "गो, तू कसलो दाणो टाकलंस?" भिंतीपलीकडून बाईंचा आवाज आला, "आजी, सुनेची मूठ सुनेची!" सासू दोन दिवस बाईंशी बोलली नाही. मीही सासूला विचारलं नाही, पण जीव नुसता कासावीस झाला होता माझा.

आता भाऊ. भाऊंशिवाय ही गोष्ट पुढे जात नाही. भाऊ म्हणजे आमच्या भागातले पुढारी. निवडून वगैरे कधी आले नाहीत, पण तेव्हा महापालिकेची निवडणूक लांबलेली, नगरसेवक सगळे माजी, त्यामुळे भाऊच सर्वकाही. खोटं कशाला बोलू, माणूस कामाचा. शाळेत प्रवेश भाऊ, ॲम्ब्युलन्स भाऊ, मोठ्या हॉस्पिटलात बेड हवा तर भाऊंची चिठ्ठी. फक्त केलेलं विसरायचे नाहीत. आणि तुम्हालाही विसरू द्यायचे नाहीत.

या भाऊंनी गल्लीला कॅमेरे बसवून दिले. आम्ही टाळ्या वाजवल्या, झकास म्हटलं. चार दिवसांनी बाईंच्या लक्षात आलं, की एक कॅमेरा थेट बायकांच्या संडासाच्या पायरीकडे तोंड करून आहे, आणि त्याचा स्क्रीन भाऊंच्या ऑफिसात, जिथे दिवसभर टवाळ पोरं कॅरम खेळतात. बाईंनी आरडाओरडा केला नाही. त्यांनी कॅमेऱ्याच्या पुढ्यात दोरी बांधली आणि रोज सकाळी आपली गोधडी तिथे वाळत घातली. भाऊंनी माणूस पाठवला तर म्हणाल्या, "मला ऊन तिथेच मिळतं रे." गोधडी रोज भिजवायची, रोज पिळायची, त्या काडीएवढ्या हातांनी. शेवटी वॉर्ड ऑफिसात अर्ज पोचला, कॅमेऱ्याचं तोंड रस्त्याकडे वळलं आणि गोधडी सुकली. भाऊ हसले, पण त्यांना ते लागलं.

मग भाऊंची नजर बालवाडीच्या खोलीवर पडली. त्यांना तिथे त्यांचं 'जनसेवा केंद्र' हवं होतं. त्यांचं ऑफिस पत्र्याच्या शेडमध्ये, आणि ही खोली रस्त्यालगत, पक्की. वॉर्ड ऑफिसने म्हटलं, रहिवाशांचं मत घ्या. एका रविवारी सकाळी साहेब यायचे ठरले. आदल्या दिवशी बाई दारोदार फिरल्या. काय टाका हे एका शब्दाने सांगितलं नाही, फक्त म्हणाल्या, "उद्या दाणे टाकावे लागतील. पांढरा म्हणजे खोली भाऊंना द्या, काळा म्हणजे देऊ नका. घोटाळा करू नका गं."

त्या खोलीत त्यांचा जीव अडकला होता हो. नोकरी संपल्यावर, नवरा गेल्यावर, मुलगी कांदिवलीला दिल्यावर, त्यांचं म्हणावं असं ते एवढंच होतं.

रविवारी खोली गच्च भरली. साहेब तरुण, सारखे घड्याळ बघत होते. भाऊ पांढऱ्या शर्टात, दोन्ही हात जोडून, प्रत्येकीची चौकशी करत होते. "काय वहिनी, मिस्टरांचं औषध मिळतंय ना वेळेवर?" चौकशीच होती ती, पण ज्यांना कळायचं त्यांना बरोबर कळलं. मग भाऊ गोड हसून म्हणाले, "ज्यांची हरकत असेल त्यांनी खुशाल हात वर करा." कुणाचा हात वर जातोय! माझाही मांडीवरच होता.

बाई उठल्या. "साहेब, हात वर करून मत घ्यायचं तर आधी भाऊंना बाहेर पाठवा. नाहीतर माझ्या पराती तयार आहेत."

साहेबांना लवकर मोकळं व्हायचं होतं, ते म्हणाले चालेल. भाऊ म्हणाले, "आणा की बाई. आपल्याला काय लपवायचंय?"

"तुम्हाला नाही हो. त्यांना."

चादर बांधली गेली. एकेक जण आत गेला, मूठ घेऊन बाहेर आला, कळशी वाजत राहिली. मग बाईंनी टेबलावर पांढरा पंचा अंथरला आणि कळशी पालथी केली. एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला भाऊंचा माणूस, मधे बाई. बोटाने पांढरे इकडे, काळे तिकडे. काळ्यांची रास वाढत होती आणि मी मनातल्या मनात मोजत होते.

आणि बाईंचं बोट थांबलं. मीही बघितलं. एक दाणा काळा होता खरा, पण चणा नव्हता. बाईंच्या परातीतला नव्हताच तो. कसला होता ते मी तुम्हाला सांगणार नाही. दाणा सांगितला तर गाव कळेल, गाव कळलं तर घर कळेल. आमच्या गल्लीत तो दाणा एकाच घरात येतो, गावाहून, गाठोड्यात बांधून, आणि त्याची उसळ त्या घरातून सगळ्या गल्लीने कधी ना कधी खाल्लेली आहे. भाऊंनीसुद्धा.

त्या घरातून मत द्यायला जी आली होती, तिचं काय झालं असेल ते मला तिथल्या तिथे समजलं. आपल्याकडे देवाला जाताना, कुणाची ओटी भरताना, दाणा आपल्या घरचा नेतात. दुसऱ्याच्या परातीतला उचलून आपला म्हणून टाकायचा, हे तिच्या मनाला पटलं नसणार. एवढं मोठं काम आहे, मग आपल्या घरचं घालूया. साधी ती! काळा तर सांगितलाय, काळाच आणला तिने. आणि त्या घराचं छप्पर भाऊंच्या मर्जीवर होतं, घरातल्या एका माणसाचं औषधपाणी भाऊंच्या चिठ्ठीवर. अशी घरं आमच्याकडे एक-दोन नव्हती, तेव्हा शोधत बसू नका.

भाऊ खुर्चीतून उठून टेबलाकडे यायला लागले. त्यांचा माणूस वाकलाच होता. बाईंनी तो दाणा चिमटीत उचलला आणि सरळ तोंडात टाकला. कटकन आवाज आला.

"बाई! काय खाल्लंत?"

"दाणा. बाद होता."

"बाद म्हणजे?"

"त्याच्यावर खूण होती. मत कुणाचं ते ओळखू आलं की बाद. मतपत्रिकांच्या वेळेपासूनचा नियम आहे, साहेबांना विचारा." साहेबांनी मान डोलावली. त्यांना नियम माहीत होता की घाई होती, देव जाणे.

"कुणाचा होता?" भाऊ हसत नव्हते आता.

"बाद झाला ना भाऊ, मग कुणाचा का असेना. सकाळपासून चहाच पोटात आहे, भूक लागली होती मला."

मोजणी झाली. पांढरे आणि काळे सारखे! एक दाणा, फक्त एक दाणा इकडे असता तर खोली आमची होती. साहेबांनी लिहिलं, रहिवाशांचं मत समसमान, आणि निघून गेले. पुढे वरती परस्पर काय ठरलं कोण जाणे, काही महिन्यांत खोलीवर भाऊंचा बोर्ड चढला.

त्या दिवशी मी बाईंशी जन्मात भांडले नसेन इतकी भांडले. "जिंकलो होतो आपण! खायचाच होता तर त्या जागी एक काळा चणा टाकायचात! कुणाला कळलं असतं?"

"ते खोटं मत झालं असतं."

"आणि हे खरं का? बाई, तुमची खोली गेली!"

त्या पोरांच्या पाट्या एकावर एक रचत होत्या. चेहरा मला दिसू नये म्हणून पाठ करून बसल्या. म्हणाल्या, "खोलीसाठी पुन्हा भांडता येईल गं. भाऊंना तो दाणा दिसला असता तर तिला घेऊन मी कुठे गेले असते? माझ्या भरवशावर चादरीमागे गेली होती ती." मग डोळे पुसले आणि ओरडल्या, "ए, नुसती उभी काय राहतेस, पाट्या उचल!"

दुसऱ्या दिवसापासून बालवाडी त्यांच्या घरात. रोज सकाळी कॉट उचलून भिंतीला उभी करायची, गॅसची टाकी दाराबाहेर काढायची, आणि त्या दहा बाय दहात पोरं बसवायची. भिंतीपलीकडून मला दिवसभर बडबडगीतं ऐकू यायची आणि मला रडू यायचं. खोलीसाठीचे त्यांचे अर्ज चालूच होते. उत्तर आलं नाही की म्हणायच्या, "वाचताहेत वाटतं. सावकाश वाचतात ते."

भाऊंनी शोध सोडला नाही. एक दिवस दुकानात आले, स्टुलावर बसले. "तू तर टेबलाशी होतीस. गल्लीत पान हललं तरी तुला कळतं. दाणा कुणाचा होता?" मग शटरकडे बघून म्हणाले, "तुझी फळी जरा पुढे आलीय रस्त्यावर. कुणी तक्रार केली तर वाट लागेल हां."

आता बघा, पोटात काही राहत नाही अशी माझी ख्याती. पण बाईंनी मला एकदाही सांगितलं नव्हतं, की कुणाजवळ बोलू नकोस. एकदाही नाही! सांगितलं असतं तर कदाचित राग येऊन बोलून गेले असते. मी म्हटलं, "भाऊ, माझा चष्मा घरी राहिला होता." भाऊ माझ्या नाकावरच्या चष्म्याकडे बघत बसले. दुसऱ्या आठवड्यात माझी फळी तोडली गेली.

तोडलेली फळी बघायला बाई आल्या. मी फुशारकीने सगळं सांगितलं. त्यांनी माझ्या गळ्यातली माप घ्यायची फीत हातात घेतली. "या फितीवरचा कुणाचा आकडा तू आजवर कुणाला सांगितलास?"

"छे! धंदा बुडेल माझा."

"मग? तुला सगळे उगाच नावं ठेवतात." एवढं म्हणून घरात गेल्या आणि आल्याचा चहा करून आणला. मला तर कुणी शाल-श्रीफळ दिल्यासारखं झालं.

या हिवाळ्यात बाई गेल्या. दमा होताच. हॉस्पिटलात न्यायला ॲम्ब्युलन्स भाऊंनीच आणली, रस्त्यापर्यंत त्यांच्या खुर्चीला खांदा भाऊंनीच दिला. बाईंच्या चौथी ब मधला विद्यार्थी तो, हे तोवर मलाही माहीत नव्हतं. शोकसभाही त्यांनीच घेतली, त्याच खोलीत. बोर्डावर त्यांनी पांढरं कापड घातलं होतं. बोलायला उभे राहिले आणि बोलता येईना. "बाईंनी छडीने मला पाढे शिकवले," एवढंच म्हणून खाली बसले. वाईट वाटलं त्यांचं, खरंच.

लोकांनी फोटोला फुलं वाहिली, चहा झाला, गर्दी ओसरली. भाऊ माझ्याजवळ येऊन बसले. "आता तरी सांग गं. बाई गेल्या, सगळं संपलं. आता काय फरक पडतो?"

फरक पडत होता. छप्पर अजून त्यांच्याच मर्जीवर होतं आणि औषधही चालूच होतं. पण भाऊंच्या डोळ्यांत पाणी होतं, बाईंची खोली होती, आणि माझ्या जिभेची जुनी सवय. मी कशीबशी उठले, फुलं सारखी करते म्हणून फोटोकडे गेले.

झेंडूच्या पाकळ्यांत एक दाणा पडला होता. काळा. चण्याचा नव्हे.

वेडी कुठली! बाईंना वाहायचं तर तिने तेही आपल्या घरचंच आणलं होतं. मागे भाऊंच्या चपलांचा आवाज आला, ते फोटोकडेच येत होते. मी दाणा उचलला आणि तोंडात टाकला. दगडासारखा कडक, दाढेतून कळ आली पार कानापर्यंत. कपबशा गोळा करणाऱ्या बायकांमध्ये एक कपबशी खळकन फुटली. मी वळून बघितलं नाही.

"काय खाल्लंस गं?" भाऊंनी विचारलं.

डोळ्यांतून पाणी यायला लागलं होतं. दाढेमुळे म्हणा हवं तर.

"काही नाही, भाऊ," मी म्हटलं. "सकाळपासून चहाच पोटात आहे. भूक लागली होती."